प्रवाळभित्तीची एक दिवसाची बोटसफर : तयारीपासून परतीपर्यंत

प्रवाळभित्ती पाहण्यासाठी निघणाऱ्या एक दिवसाच्या सफरीचा साचा जगात बहुतेक ठिकाणी सारखाच असतो. सकाळी लवकर धक्क्यावर जमायचे, बोटीने अर्धा-एक तास किंवा त्याहून अधिक प्रवास करायचा, मार्गदर्शकाबरोबर दोन-तीन ठिकाणी पाण्यात उतरायचे, मधे जेवण आणि विश्रांती घ्यायची व ऊन उतरण्याच्या सुमारास परतायचे. यात प्रत्यक्ष पाण्यात घालवलेला वेळ जेमतेम दोन तासांचा असतो. ते दोन तास कसे जातील हे मात्र पाण्यात पाय ठेवण्याआधीच बऱ्याच अंशी ठरलेले असते. आपण कोणत्या दिवशी आणि कोणाबरोबर निघालो, डोळे-नाक झाकणारा मास्क चेहऱ्याला बसतो की नाही आणि पाण्यावर स्वस्थ तरंगण्याची सवय आपल्याला आहे की नाही, या गोष्टींवर ते अवलंबून असते. म्हणून या लेखात तयारीला अधिक जागा दिली आहे.

आपण काय पाहायला जात आहोत

प्रवाळ हा दगडासारखा दिसत असला तरी तो प्राण्यांच्या वसाहतीने बांधलेला असतो. काही मिलिमीटरचे असंख्य मऊ जीव स्वतःभोवती चुन्याचा सांगाडा रचतात आणि त्या सांगाड्यावर जिवंत पेशींचा अतिशय पातळ थर असतो. या पेशींमध्ये सूक्ष्म शैवाल राहते. ते सूर्यप्रकाशावर अन्न तयार करून त्यातील मोठा वाटा प्रवाळाला देते. त्यामुळेच भित्ती उथळ, स्वच्छ आणि उबदार पाण्यात वाढते आणि त्यामुळेच ती पाण्याच्या पृष्ठभागावरूनही पाहता येते. समुद्रतळाचा एक टक्क्याहूनही कमी भाग व्यापणाऱ्या या भित्तींवर ज्ञात सागरी प्रजातींपैकी सुमारे चतुर्थांश प्रजाती आयुष्याचा काही ना काही काळ काढतात.

व्यवहारात लक्षात ठेवायची गोष्ट अशी की घट्ट, गोलाकार प्रवाळ वर्षाला काही मिलिमीटर ते फार तर एक-दोन सेंटिमीटर वाढतो. फांद्यांसारखे प्रकार अनुकूल परिस्थितीत वर्षाला दहा सेंटिमीटर किंवा त्याहून अधिक वाढू शकतात, पण ते तितकेच ठिसूळ असतात. पोहताना पायांत घालायच्या फिनचा, म्हणजे रबरी पंखाचा, एक निष्काळजी फटकारा कित्येक वर्षांची वाढ मोडून टाकतो. मार्गदर्शक ज्या सूचना पुन्हा पुन्हा देतात, त्यांतील बहुतेकींचे मूळ या एका गोष्टीत आहे.

दिवस निवडताना

हंगाम ठरवताना पर्यटकांच्या गर्दीपेक्षा वारा आणि पाऊस यांचा विचार आधी करावा. वाऱ्यामुळे लाटा उठतात, लाटांमुळे तळाची वाळू ढवळली जाते आणि पाणी गढूळ होते. मोठ्या पावसानंतर नद्यांचा गाळ समुद्रात आला, तर किनाऱ्याजवळच्या भित्तींवर पुढे कित्येक दिवस फारसे काही दिसत नाही. उष्ण कटिबंधात अनेक किनाऱ्यांवर सकाळी वारा कमी असतो आणि दुपारनंतर तो वाढतो, म्हणून सकाळची बोट केव्हाही चांगली.

भरती-ओहोटीकडेही पाहावे. अमावास्या-पौर्णिमेच्या सुमारास उधाण असते, तेव्हा पाण्याची ओढ अधिक असते. अष्टमीच्या आसपास, म्हणजे भांगाच्या दिवसांत, ती मंद असते आणि नवशिक्यासाठी हे दिवस सोयीचे ठरतात. त्या दिवशीही भरती पूर्ण होऊन पाणी थांबते तो काळ उत्तम, कारण भित्तीवर पुरेसे पाणी असल्याने शरीर आणि प्रवाळ यांच्यात अंतर राहते. पूर्ण ओहोटीला उथळ भित्तीवर जाऊच नये. गुडघे खरचटतात आणि प्रवाळही मोडतो.

मुक्काम काही दिवसांचा असेल, तर सफर पहिल्या एक-दोन दिवसांतच ठेवावी. हवामान बिघडले तर ती पुढे ढकलता येते. शेवटच्या दिवशी ठेवलेली सफर रद्द झाली की हातात काहीच राहत नाही, आणि रद्द होऊ नये म्हणून खवळलेल्या समुद्रात जाण्याचा मोहही होतो.

कोणाबरोबर जावे

माझ्या मते संपूर्ण सफरीतला सर्वांत महत्त्वाचा निर्णय हाच आहे आणि तो केवळ दरावर घेतला जाऊ नये. नोंदणी करण्यापूर्वी स्पष्ट प्रश्न विचारावेत. पाण्यात एका मार्गदर्शकामागे किती जण असतात? पाण्यात उतरलेल्यांवर बोटीवरून सतत नजर ठेवणारी वेगळी व्यक्ती असते का? प्रत्येकाच्या मापाचे लाइफ जॅकेट, प्रथमोपचार पेटी, प्राणवायूची नळकांडी आणि चालू स्थितीतला रेडिओ आहे का? हवामान वाईट असेल तर सफर रद्द करण्याचा निर्णय कोण घेतो, आणि पैसे परत मिळतात का? सूचना आपल्याला समजणाऱ्या भाषेत दिल्या जातात का? प्रामाणिक व्यावसायिकाला हे प्रश्न आवडतात. जो ते टाळतो, त्याच्या बोटीवर चढू नये.

डोकी कशी मोजतात, हा प्रश्न तर कधीच वगळू नये. १९९८ च्या जानेवारीत ऑस्ट्रेलियाच्या ग्रेट बॅरियर रीफवर गेलेली एक बोट एका अमेरिकन दांपत्याला समुद्रातच ठेवून परतली आणि ते दोघे मागे राहिल्याचे दोन दिवसांनंतर लक्षात आले. ते कधीच सापडले नाहीत. त्यानंतर तेथील प्रवासी मोजण्याचे नियम अधिक कडक करण्यात आले. चांगल्या बोटीवर प्रत्येक थांब्यानंतर नावे पुकारून हजेरी घेतली जाते, ती लेखी नोंदवली जाते आणि तिची फेरतपासणी होईपर्यंत इंजिन सुरू होत नाही. एकाने हात वर करून दुसऱ्याची हजेरी लावणे तिथे चालत नाही आणि आपणही तसे करू नये.

दुसरी कसोटी भित्तीशी असलेल्या वागणुकीची. बोट कायमस्वरूपी बसवलेल्या तरंगत्या बोयाला बांधली जाते की दर वेळी नांगर टाकला जातो, हे विचारावे, कारण प्रवाळावर पडलेला नांगर आणि त्याची फरफटणारी साखळी एका दिवसात जेवढे नुकसान करतात तेवढे पोहणारे महिनोन्‌महिने करत नाहीत. मासे जवळ यावेत म्हणून पाव टाकणे, पर्यटकांच्या हातात समुद्रतारे किंवा कासव देणे, असे प्रकार जाहिरातीतल्या छायाचित्रांत दिसले तर दुसरा पर्याय शोधावा. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यावरण कार्यक्रमाच्या सहकार्याने २००४ पासून चालणारा ‘ग्रीन फिन्स’ हा उपक्रम अशा व्यावसायिकांचे मूल्यमापन करतो. आपण जाणार त्या देशात तो राबवला जात असेल तर त्याच्या सदस्यांची यादी पाहून ठेवावी.

प्रकृती आणि पोहण्याची तयारी

स्नॉर्केल, म्हणजे पाण्यावरची हवा घेण्याची नळी, लावून तरंगणे सोपे दिसते, पण खाऱ्या पाण्यात, अरुंद नळीतून श्वास घेत आणि पाय मारत राहणे हा हृदयावरचा खराखुरा ताण असतो. हृदयविकार, अनियंत्रित रक्तदाब, दमा, अपस्मार किंवा नुकतीच झालेली शस्त्रक्रिया असल्यास डॉक्टरांचा सल्ला आधी घ्यावा आणि बोटीवरच्या फॉर्मवर खरी माहिती लिहावी. माहिती लपवल्याने प्रवेश मिळतो, पण गरज पडेल तेव्हा मदत करणारा माणूस अंधारात राहतो. ग्रेट बॅरियर रीफलगतच्या क्वीन्सलँड राज्यात अशा जोखीम असलेल्या व्यक्तींना वेगळ्या रंगाची खूण देऊन त्यांच्यावर अधिक लक्ष ठेवण्याची पद्धत आहे. तिचा संकोच वाटण्याचे काहीही कारण नाही.

पोहता न येणाऱ्यानेही निराश होऊ नये. लाइफ जॅकेट घालून मार्गदर्शकाच्या तरंगत्या कड्याला धरून भित्ती पाहता येते, शिवाय काही बोटींना काचेचा तळ असतो. मात्र ज्याला पाण्यात उतरायचे आहे, त्याने सफरीपूर्वी तलावात किंवा कमरेएवढ्या पाण्यात मास्क आणि स्नॉर्केलची सवय करून घ्यावीच. सराव करायचा तो तीन गोष्टींचा. चेहरा पाण्यात ठेवून तोंडाने दीर्घ व संथ श्वास घेणे, नळीत शिरलेले पाणी जोराने फुंकून बाहेर काढणे, आणि दमल्यावर पाठीवर वळून स्वस्थ तरंगणे. या तिन्ही गोष्टी घाबरून न जाता जमल्या की समुद्रातले निम्मे काम झाले. भेदरलेला माणूस भरभर, उथळ श्वास घेतो आणि त्यानेच त्याला अधिक धाप लागते.

साहित्य

मास्क बसतो की नाही हे पट्टा न लावता तपासावे. तो चेहऱ्यावर टेकवून नाकाने हलकेच श्वास आत ओढावा. हात सोडल्यावरही तो चिकटून राहिला तर माप बरोबर आहे. कडेखाली केस अडकले की पाणी झिरपते आणि दाट मिशी असली तरीही थोडे पाणी येतेच. अशा वेळी पट्टा आवळत जाण्याचा उपयोग होत नाही, उलट मास्क वेडावाकडा दाबला जाऊन जास्त गळतो. नव्या मास्कच्या काचेवर कारखान्यातला तेलकट थर असतो, तो टूथपेस्टने आतून चोळून धुवावा, नाहीतर काच सतत धुरकट होते. पाण्यात उतरण्यापूर्वी आतून थुंकी चोळून विसळणे हा जुना उपाय आजही चांगला काम करतो. चष्मा लागत असेल तर नंबरचा मास्क मिळतो, त्याची चौकशी आधी करावी.

संपूर्ण चेहरा झाकणारे मास्क अलीकडे लोकप्रिय झाले आहेत. नवशिक्याने ते टाळावेत असे मी आग्रहाने सांगेन. साध्या स्नॉर्केलमध्ये त्रास झाला तर तोंडातली नळी काढली की झाले. पूर्ण मास्क घाबरलेल्या अवस्थेत झटकन निघत नाही आणि त्यात श्वासावाटे बाहेर सोडलेली हवा साठण्याचीही शक्यता असते.

पोहताना तोंड खाली असते, त्यामुळे ऊन लागते ते मानेच्या मागे, पाठीवर आणि गुडघ्यांच्या मागच्या बाजूला, आणि पाण्याच्या गारव्यामुळे ते जाणवतही नाही. लांब बाह्यांचा, अंगाला घट्ट बसणारा पोहण्याचा सदरा आणि पूर्ण पायांची तुमान हा सर्वांत खात्रीचा उपाय. ज्या समुद्रात जेलीफिशचा हंगाम असतो तिथे हाच पोशाख दंशापासूनही वाचवतो. सनस्क्रीनमधील ऑक्सिबेन्झोन आणि ऑक्टिनॉक्सेट ही रसायने प्रवाळाला घातक ठरू शकतात म्हणून प्रशांत महासागरातील पलाऊ या द्वीपदेशाने २०२० पासून आणि हवाईने २०२१ पासून त्यांवर बंधने घातली आहेत. समुद्रात प्रत्यक्ष किती परिणाम होतो यावर शास्त्रज्ञांमध्ये अजून चर्चा चालू आहे, परंतु अंग कपड्याने झाकले की सनस्क्रीन चेहरा आणि हातापुरतीच लागते आणि प्रश्न बराचसा सुटतो. ती खनिज प्रकारची, म्हणजे झिंक ऑक्साइड किंवा टायटॅनियम डायऑक्साइड असलेली, घ्यावी व पाण्यात उतरण्याच्या किमान वीस मिनिटे आधी लावावी.

याशिवाय पिण्याचे भरपूर पाणी, कोरडे कपडे, टॉवेल, टोपी आणि वारा अडवणारे एक जाकीट जवळ असावे. पाणी शरीराची उष्णता हवेपेक्षा सुमारे पंचवीस पटींनी वेगाने ओढून घेते, त्यामुळे उबदार समुद्रातही तासाभरात हुडहुडी भरू शकते.

बोटीवर

बोट लागणे हा ज्यांचा नेहमीचा त्रास आहे, त्यांनी औषध निघण्यापूर्वी तासभर आधी घ्यावे. उलटी होऊ लागल्यावर ते पोटात टिकत नाही. अशा बऱ्याच औषधांनी गुंगी येते, म्हणून पाठीवर हवेचा सिलिंडर लावून खोल जायचे असेल तर आधी डॉक्टरांना विचारावे. रिकाम्या पोटी निघू नये आणि तळलेले खाऊनही निघू नये. बोटीच्या मध्यभागी, शक्य तितके खाली आणि मागच्या बाजूला हेलकावे कमी जाणवतात, पण इंजिनाचा धूर येत असेल तर ती जागा सोडावी. मोबाइलकडे पाहू नये, क्षितिजावर नजर ठेवावी. उलटी झालीच तर वारा ज्या दिशेला जातो त्या बाजूच्या कठड्याशी जावे. बंद शौचालयात गेल्याने त्रास वाढतो.

सूचना सुरू झाल्या की कॅमेरा बाजूला ठेवून त्या ऐकाव्यात. बोटीवर परत येण्याची शिडी कोणती, पाण्यात जाण्याची हद्द कुठपर्यंत, ओढ कोणत्या दिशेला आहे आणि परत बोलावण्याचा इशारा कोणता, हे चार मुद्दे स्वतःशी पक्के करावेत. खुणाही समजून घ्याव्यात. पृष्ठभागावरून बोटीकडे ‘मी ठीक आहे’ असे सांगायला डोक्यावर हात ठेवतात, मदत हवी असल्यास हात उंच करून हलवतात, त्यामुळे ओळखीच्यांना पाहून उगाच हात हलवू नये. पाणबुड्यांच्या भाषेत वर केलेला अंगठा ‘वर चला’ असे सांगतो, ‘छान’ असे नव्हे.

पाण्यात

जोडीदार ठरवूनच उतरावे. मास्क एका हाताने दाबून धरत शिडीने किंवा मार्गदर्शक सांगेल तसे पाण्यात यावे आणि लगेच पोहू लागू नये. बोटीजवळच दोन-तीन मिनिटे थांबावे. थंड पाण्याच्या पहिल्या स्पर्शाने श्वास वेगाने होतो, तो आपोआप संथ होऊ द्यावा, मास्क गळत असेल तर तिथेच नीट करावा. नंतर ओढीच्या विरुद्ध दिशेने सुरुवात करावी, म्हणजे परतताना अंगात शक्ती कमी असताना पाणीच आपल्याला बोटीकडे आणते. दर काही मिनिटांनी डोके वर काढून बोट, जोडीदार आणि मार्गदर्शक कुठे आहेत ते पाहावे.

शरीर आडवे, हात पोटाशी किंवा पाठीमागे आणि पाय कमरेपासून संथपणे हलवणारे, ही भित्तीवरची योग्य स्थिती आहे. सायकल चालवल्यासारखे पाय मारले की फिन खाली जातात आणि नेमके प्रवाळावर आदळतात. भित्तीपासून किमान दोन मीटर अंतर ठेवावे. पाणी उथळ होत चालले आहे असे दिसले की वळून खोल बाजूला यावे. कितीही दमलो, मास्कमध्ये कितीही पाणी शिरले, तरी प्रवाळावर उभे राहायचे नाही. पाठीवर वळावे, जॅकेटला भार द्यावा आणि मार्गदर्शकाला खूण करावी. अचानक धाप लागली, खोकला आला किंवा छातीत जड वाटले, तर धीर धरून पोहत राहू नये. नळी काढून डोके वर ठेवावे आणि मदत मागावी.

आता पाहण्याविषयी. बहुतेक लोक एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत पोहत सुटतात आणि त्यांना पळणाऱ्या माशांच्या शेपट्या तेवढ्या दिसतात. एका मोठ्या प्रवाळखंडावर पाच मिनिटे निश्चल तरंगावे. लपलेले मासे हळूहळू बाहेर येतात. पोपटमासा चोचीसारख्या दातांनी खडक खरवडतो त्याचा करकर आवाज स्पष्ट ऐकू येतो, आणि तो जे बाहेर टाकतो त्यातूनच उष्ण कटिबंधातल्या कित्येक किनाऱ्यांची पांढरी वाळू तयार झाली आहे. एखाद्या ठिकाणी मोठे मासे रांगेत थांबल्यासारखे दिसतात. तिथे छोटे सफाई करणारे मासे त्यांच्या कल्ल्यांतले आणि तोंडातले परजीवी खात असतात. सतत येणारा तडतड असा आवाज बहुधा चिमुकल्या झिंग्यांचा असतो. पाण्याखाली वस्तू प्रत्यक्षाहून सुमारे एक तृतीयांश मोठ्या आणि एक चतुर्थांश जवळ भासतात, हे अंतराचा अंदाज घेताना ध्यानात ठेवावे. तांबडा रंग पहिल्या काही मीटरमध्येच विरून जातो, म्हणून छायाचित्रे निळसर येतात. स्वच्छ उन्हात, उथळ पाण्यात टिपलेली छायाचित्रे अधिक खरी दिसतात.

काही प्रवाळ लख्ख पांढरा दिसेल. पाणी नेहमीच्या उन्हाळी कमाल तापमानापेक्षा अवघ्या एक अंशाने काही आठवडे तापले, तरी प्रवाळ आपल्यातले शैवाल बाहेर टाकतो आणि पांढरा पडतो. तो त्या क्षणी मेलेला नसतो. पाणी लवकर थंड झाले तर तो सावरू शकतो, नाहीतर मरतो आणि त्यावर तपकिरी-हिरवे शेवाळ चढते. २०२३ पासून जगभर पसरलेल्या अशा विरंजनाच्या लाटेची एप्रिल २०२४ मध्ये चौथी जागतिक घटना म्हणून घोषणा झाली. जिवंत, पांढरा आणि शेवाळलेला प्रवाळ वेगवेगळा ओळखता आला, की भित्तीची प्रकृती आपल्यालाही कळू लागते, आणि ती पाहणे सुखद नसले तरी आवश्यक आहे.

धोक्याच्या प्राण्यांविषयी एकच नियम बहुतेक वेळा पुरतो. कशालाही स्पर्श करायचा नाही. दगडमासा, सिंहमासा, शंकूच्या आकाराचे जिवंत शंख, काटेरी सागरी साळ्या आणि पिवळसर ‘अग्निप्रवाळ’ हे आपणहून कोणाच्या मागे लागत नाहीत. अपवाद घरट्याचे रक्षण करणाऱ्या मोठ्या ट्रिगरफिश या माशाचा. ती आपल्या घरट्यापासून वरच्या दिशेने रुंदावत जाणारा प्रदेश राखते, त्यामुळे अंगावर आली तर वर न जाता बाजूला, तिच्याकडे तोंड ठेवून दूर सरकावे. दगडमासा किंवा सिंहमाशाचा काटा टोचल्यास तो भाग सहन होईल एवढ्या गरम पाण्यात बुडवून ठेवतात, तर बॉक्स जेलीफिशच्या दंशावर व्हिनेगर ओततात. दोन्ही प्रसंगी आधी पाण्याबाहेर यावे आणि पुढचे मार्गदर्शकावर सोपवून वैद्यकीय मदत घ्यावी.

सिलिंडर लावून पाहायचे असेल तर

बऱ्याच बोटींवर प्रशिक्षण नसलेल्यांसाठी प्रशिक्षकाबरोबरचा प्राथमिक डाइव्ह असतो, आणि त्याची खोली सहसा बारा मीटरपर्यंत मर्यादित ठेवली जाते. पहिल्यांदाच भित्ती पाहणाऱ्याने आधी स्नॉर्केल करावे, असे माझे मत आहे. सर्वाधिक प्रकाश आणि रंग वरच्या पाच-सहा मीटरमध्येच असतात आणि लक्ष उपकरणांत अडकत नाही. तरीही डाइव्ह करायचाच असेल, तर दोन नियम विसरू नयेत. श्वास कधीही रोखून धरायचा नाही, विशेषतः वर येताना, कारण दाब कमी होताना फुप्फुसातली हवा प्रसरण पावते. आणि खाली जाताना कानात दुखू लागण्याआधीच नाक दाबून हलकेच फुंकत दाब समान करायचा. दुखले तर थोडे वर येऊन पुन्हा प्रयत्न करावा, जोर लावू नये. सर्दी असताना डाइव्ह करू नये.

परतताना

हजेरीला स्वतः उत्तर द्यावे, ओले कपडे बदलावेत आणि तहान लागली नसली तरी पाणी प्यावे. शंख, शिंपले, प्रवाळाचा तुटलेला तुकडाही उचलू नये. अनेक संरक्षित क्षेत्रांत तो गुन्हा आहे, आणि कठीण प्रवाळ सायटीस या वन्य प्रजातींच्या व्यापारावरील आंतरराष्ट्रीय कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात असल्याने तो परवान्याशिवाय सीमेपार नेल्यास विमानतळावर जप्ती आणि दंड होऊ शकतो.

प्रवाळाने खरचटले असेल तर जखम किरकोळ दिसली तरी स्वच्छ पाण्याने व साबणाने घासून धुवावी, कारण सूक्ष्म कण आत राहून ती चिघळते. लाली पसरू लागली किंवा ताप आला तर डॉक्टरांकडे जावे. कानात पाणी राहिले असेल तर डोके कलते करून ते निथळू द्यावे, काडी घालू नये. डाइव्ह केला असेल तर विमानप्रवासाची वेळ तपासावी. एकाच साध्या डाइव्हनंतर किमान १२ तास आणि एकाहून अधिक डाइव्हनंतर किमान १८ तास विमानात बसू नये, असा सर्वमान्य सल्ला आहे, आणि उंच डोंगररस्त्याने परतणाऱ्यांनाही तो लागू होतो. त्या काळात सांधे दुखणे, अंगाला मुंग्या येणे, अतिशय थकवा किंवा चक्कर अशी लक्षणे दिसली, तर ती प्रवासाचा शीण समजून झोपी न जाता त्याच वेळी डाइव्हची वेळ व खोली सांगून वैद्यकीय मदत मागावी.